व्हॅनिलाला शेंग देणारा मुलगा : एडमंड आल्बियस

व्हॅनिला हे मूळचे मेक्सिको आणि आसपासच्या उष्ण जंगलातले पीक. आज मात्र जगातील सर्वाधिक व्हॅनिला मादागास्कर बेटावर पिकतो. आपल्या देशात केरळ आणि कर्नाटकातील शेतकरी नारळ-सुपारीच्या बागेत याचे वेल घेतात. या सर्व ठिकाणी प्रत्येक फूल हाताने फळवावे लागते. ती पद्धत शोधली रियुनियन बेटावरच्या एका बारा वर्षांच्या गुलाम मुलाने. त्याचे नाव एडमंड.

वेल आला, शेंग आली नाही

रियुनियन हे हिंदी महासागरात मादागास्करच्या पूर्वेला असलेले ज्वालामुखीचे बेट. त्या काळी त्याला बूरबों म्हणत. फ्रेंचांनी तेथे बाहेरून अनेक पिके आणली. १७१५ मध्ये येमेनमधील मोखाची कॉफी आली. खरे तर बेटाच्या जंगलात कॉफीची स्वतःची एक रानटी जातही होती, पण बागा वाढल्या त्या आणलेल्या कॉफीच्या. पुढे लवंग आली, ऊस पसरला. १८१९ मध्ये व्हॅनिलाचे वेल आले आणि १८२२ मध्ये पॅरिसहून आणखी काही कलमे आली.

हवामान मानवल्याने वेल जोमाने वाढले आणि फुलेही आली. पण फुले गळून जात, शेंग धरत नसे. व्हॅनिलाच्या फुलात परागकोष आणि स्त्रीकेसराची कुक्षी अगदी जवळजवळ असतात, मात्र दोघांच्या मध्ये एक पातळ पडदा असतो. त्यामुळे पराग आपोआप कुक्षीवर पडत नाही. मेक्सिकोत हे काम तेथील काही स्थानिक मधमाश्या करतात. शेतकऱ्यांनी वेल समुद्रापार नेला, पण त्याच्या माश्या मागेच राहिल्या. त्यामुळे बाहेर सगळीकडे व्हॅनिला हा केवळ शोभेचा वेल होऊन बसला.

१८३६ च्या सुमारास बेल्जियममधील लिएज येथे शार्ल मॉरेन या वनस्पतिशास्त्रज्ञांनी काचघरातील वेलावर हाताने शेंगा धरवल्या. पण मळ्यात रोज शेकडो फुलांवर करता येईल अशी सोपी रीत अजून कोणाकडे नव्हती.

बारा वर्षांचा मुलगा

एडमंडचा जन्म १८२९ मध्ये सँत-सुझान या गावी झाला. त्याला जन्म देतानाच आई गेली. आईवडील दोघेही गुलाम, म्हणून मूलही जन्मतः गुलाम. त्याला आडनाव नव्हते आणि शाळाही मिळाली नाही. तो वाढला फेरेओल बेलिए-बोमों या मळेवाल्याकडे. फेरेओल यांना झाडाझुडपांचा नाद होता. बागेत फिरताना ते मुलाला सोबत घेत. टरबुजाच्या वेलावरचे नर फूल कोणते, मादी फूल कोणते आणि एकाचे पराग दुसऱ्यावर कसे लावायचे, हे त्यांनी त्याला दाखवले होते.

फेरेओल यांच्या बागेतला व्हॅनिलाचा वेल वीसेक वर्षांचा होऊनही वांझ होता. १८४१ मध्ये त्यांना त्यावर एके दिवशी शेंगा लटकलेल्या दिसल्या. हे मी केले, असे एडमंडने सांगितले तेव्हा आधी त्यांचा विश्वास बसला नाही. काही दिवसांनी वेलावर आणखी शेंगा दिसल्या, तेव्हा त्यांनी मुलाला प्रत्यक्ष करून दाखवायला लावले.

एडमंडने फुलाची पाकळी बाजूला केली, बांबूच्या बारीक काडीने मधला पडदा वर उचलला आणि अंगठ्याने परागाचा गोळा कुक्षीवर हलकेच दाबला. काही सेकंदांत काम झाले. फेरेओल यांनी इतर मळेवाल्यांना कळवले आणि एडमंडला मळ्यामळ्यांतून ही रीत शिकवायला पाठवले. इतर गुलामही ती शिकले आणि बेटावर व्हॅनिलाची शेती उभी राहिली.

पीक वाढले, माणूस मागे राहिला

१८४८ मध्ये बेटावरून अवघा ५० किलोच्या आसपास व्हॅनिला निर्यात झाला. १८९८ पर्यंत हा आकडा सुमारे २०० टनांवर गेला. रियुनियनच्या मळेवाल्यांनीच पुढे ही शेती मादागास्करला नेली. तिकडचा माल आजही बूरबों व्हॅनिला याच नावाने विकला जातो.

डिसेंबर १८४८ मध्ये बेटावरील सुमारे ६० हजार गुलाम मुक्त झाले. एडमंड यांनाही स्वातंत्र्य आणि आल्बियस हे आडनाव मिळाले. पण जमीन किंवा पैसा मिळाला नाही. ते राजधानी सँ-दनी येथे गेले आणि स्वयंपाकघरात काम करू लागले. १८५२ मध्ये दागिन्यांच्या चोरीच्या प्रकरणात त्यांना पाच वर्षे सक्तमजुरीची शिक्षा झाली. बेटावर त्यांचे केवढे उपकार आहेत हे गव्हर्नरच्या निदर्शनास आणून दिल्यावर मुदतीआधी सुटका झाली.

शोधाचे श्रेयही सुखासुखी मिळाले नाही. ही पद्धत आपणच आधी बेटावर दाखवली होती, असा दावा रिशार या वनस्पतिशास्त्रज्ञाने केला. तेव्हा फेरेओल यांनी लेखी साक्ष देऊन शोध एडमंड यांचाच असल्याचे सांगितले. एडमंड यांना सरकारी मानधन मिळावे, असाही त्यांनी प्रयत्न केला, पण तो फळला नाही. ऑगस्ट १८८० मध्ये एडमंड आल्बियस गरिबीतच सँत-सुझान येथे वारले. आज त्या गावात त्यांचे स्मारक आहे.

आजच्या बागायतदारासाठी

पद्धत १८४१ चीच आहे. काम करताना पुढील बाबी लक्षात ठेवाव्यात :

- फूल एकच दिवस उमलते. परागीकरण सकाळीच उरकावे. दुपारनंतर फूल मलूल होते.
- काडी टोकदार पण गुळगुळीत असावी. दातकोरणी चालते. कुक्षीला ओरखडा जाऊ देऊ नये.
- घोसातील सर्व फुले फळवू नयेत. साधारण ८ ते १० शेंगा ठेवल्यास वेलावर ताण येत नाही आणि शेंगा लांब भरतात.
- शेंग तयार व्हायला सुमारे नऊ महिने लागतात. हिरव्या शेंगेला वास नसतो. गरम पाण्याची प्रक्रिया, घाम आणणे आणि सावकाश वाळवणे यानंतरच सुगंध येतो.

नवे पीक बाहेरून आणताना त्याची माती, पाऊस आणि सावली आपण पाहतो. त्याचे परागीकरण मूळ ठिकाणी कोण करते, हेही तितक्याच काळजीने विचारावे. आपल्याकडे सीताफळाच्या बागेत ब्रशने पराग लावणाऱ्या मजुरांचे कामही याच जातीचे आहे. बागेतला असा कुशल हात ओळखावा आणि त्याचा मोबदला वेळेवर द्यावा. एडमंड आल्बियस यांच्या वाट्याला तो कधी आला नाही.