रक्तगटांचे जनक डॉ. कार्ल लँडस्टायनर

मूत्रपिंड निकामी झालेल्या रुग्णाला घरातले कोणी आपले एक मूत्रपिंड देऊ करते, तेव्हा इस्पितळात सर्वप्रथम दोघांचे रक्तगट पाहतात. देणारा नवरा ए गटाचा आणि घेणारी बायको बी गटाची निघाली, की बहुधा गाडी तेथेच अडते. मग उलट अडचणीतले दुसरे जोडपे शोधायचे, जेथे नवरा बी आणि आजारी बायको ए. याचे मूत्रपिंड तिला, त्याचे हिला. अशी अदलाबदल प्रथम १९९१ साली दक्षिण कोरियात झाली, आणि जुलै २०२१ मध्ये तर इस्राएल व अबुधाबी यांच्या दरम्यान झाली. ही सारी जुळवाजुळव ज्या शोधावर उभी आहे, त्याच्या कर्त्याची ओळख आज करून देत आहोत.

लँडस्टायनर १४ जून १८६८ रोजी ऑस्ट्रियात एका यहुदी कुटुंबात जन्मले. वडील लिओपोल्ड नामांकित पत्रकार होते. ते वारले तेव्हा कार्ल अवघे सहा वर्षांचे होते. आई फॅनीने त्यांना वाढविले. १८९० साली त्यांनी कॅथलिक धर्म स्वीकारला आणि पुढच्याच वर्षी ते व्हिएन्ना विद्यापीठातून डॉक्टर झाले. रोग्यांपेक्षा त्यांना रसायनशास्त्राची ओढ अधिक. पुढे सुमारे दहा वर्षे त्यांनी शवविच्छेदनात घालविली. हजारो प्रेते तपासली.

त्या काळी एकाचे रक्त दुसऱ्याला देणे म्हणजे जुगार होता. एखादा रोगी तरून जाई, एखादा तडफडून मरे, आणि कारण कोणालाच कळत नसे. एकाचे रक्त दुसऱ्याच्या रक्तात मिसळले की कधी कधी गुठळ्या होतात हे ठाऊक होते, पण तो रोगाचा परिणाम असे मानीत. लँडस्टायनर यांनी धडधाकट माणसेच घेतली. स्वतःचे आणि प्रयोगशाळेतील सहकाऱ्यांचे रक्त काढले, तांबड्या पेशी व पातळ द्रव वेगळे केले आणि प्रत्येकाच्या पेशी प्रत्येकाच्या द्रवात घालून पाहिल्या. कोठे गुठळ्या झाल्या, कोठे झाल्या नाहीत, याचे तक्ते मांडले. माणसे सारी मिळून बावीस! १९०१ साली त्यांनी तीन गट जाहीर केले; चौथा, म्हणजे एबी, पुढच्या वर्षी त्यांच्या सहकाऱ्यांना सापडला. शाळेत विद्यार्थ्यांना आम्ही हाच तक्ता फळ्यावर काढून दाखवीत असू. महागडे यंत्र नसताना केवढे काम होते ते मुलांना पटकन उमगे.

तत्त्व असे. पेशींवर ए किंवा बी नावाचे द्रव्य असते, आणि आपल्याजवळ जे नाही त्याच्याविरुद्धची प्रतिद्रव्ये आपल्या रक्तात तयार असतात. हीच द्रव्ये मूत्रपिंडातील रक्तवाहिन्यांवरही असतात, म्हणून गट न जुळल्यास परके मूत्रपिंड लगेच नष्ट होऊ शकते. अलीकडे ती प्रतिद्रव्ये गाळून व औषधे देऊन हा अडथळा काही रुग्णांत ओलांडता येतो. आपल्या मुंबईचीही येथे भर आहे. ओ गटाचेसुद्धा रक्त न चालणारी माणसे डॉ. भेंडे व त्यांच्या सहकाऱ्यांनी तेथे शोधली आणि १९५२ साली तो गट बाँबे या नावाने जगापुढे आला.

पहिल्या महायुद्धानंतर व्हिएन्नात उपासमार होती. लँडस्टायनर बायको-मुलासह हेग येथे गेले, तेथल्या लहानशा रुग्णालयात काम केले आणि पुढे न्यूयॉर्कच्या रॉकफेलर संस्थेत दाखल झाले. १९३० साली त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले. त्या वेळच्या व्याख्यानात त्यांनी अवयवरोपणाचाही विचार केला होता. एकाची त्वचा दुसऱ्याच्या अंगावर टिकत नाही, यावरून माणसामाणसांतले भेद चार गटांपुरते नाहीत, फार सूक्ष्म आहेत, असे त्यांचे म्हणणे होते. १९५४ साली बोस्टनला जिवंत दात्याचे मूत्रपिंड प्रथमच यशस्वीपणे बसले, ते एकसारख्या जुळ्या भावाचे होते, हे येथे ध्यानात घ्यावे.

आता एक गोष्ट, जी चरित्रकार थोडक्यात आटोपतात. १९३७ साली अमेरिकेतील नामवंत यहुद्यांच्या परिचयकोशात आपले नाव घालू नये म्हणून त्यांनी न्यायालयात धाव घेतली. पूर्वजांचा धर्म असा चव्हाट्यावर आणल्यास आपले व मुलाचे नुकसान होईल, अशी त्यांची तक्रार होती. त्यात त्यांना यश आले नाही. वाचकहो, आम्ही बेने इस्राएल! आमच्याकडे १९६० नंतरच्या वर्षांत वंशाचे पुरावे मागितले गेले, आणि आम्ही यहुदीच आहोत हे मान्य व्हावे म्हणून १९६४ साली आपली माणसे जेरुसलेमच्या रस्त्यावर बसली. जे नाव आपण झगडून मिळविले ते टाळण्यासाठी हा विद्वान झगडला, हे आम्हाला बोचते. पण वर्ष १९३७ होते, आणि पुढच्याच मार्चमध्ये हिटलरचे सैन्य व्हिएन्नात शिरले. त्यांना भित्रा म्हणण्यास आमची जीभ रेटत नाही.

१९३९ साली निवृत्त झाले तरी त्यांनी प्रयोगशाळा सोडली नाही. १९४० साली डॉ. वीनर यांच्याबरोबर त्यांनी आर एच घटक शोधला, आणि आईचे व गर्भाचे रक्त न जुळल्याने दगावणाऱ्या अर्भकांना वाचविण्याची वाट मोकळी झाली. २४ जून १९४३ रोजी काम करता करताच त्यांना हृदयविकाराचा झटका आला; हातात पिपेट तशीच होती. दोन दिवसांनी त्याच संस्थेच्या रुग्णालयात त्यांचे निधन झाले.