हजारो लेकरांची आई : हेन्रिएटा सोल्ड

शेवात महिन्याच्या ३० तारखेला इस्राएलमध्ये कुटुंबदिन पाळतात. पूर्वी तो मातृदिन म्हणून ओळखला जाई. ज्यांच्या पुण्यतिथीला हा दिवस येतो, त्या हेन्रिएटा सोल्ड यांना स्वतःचे मूल नव्हते. त्यांचे चरित्र आपल्या मुलाबाळांना ठाऊक असावे, म्हणून आम्ही ते थोडक्यात देत आहोत.

हेन्रिएटाबाईंचा जन्म २१ डिसेंबर १८६० रोजी अमेरिकेतील बाल्टिमोर शहरी झाला. वडील रब्बी होते. घरात साऱ्या मुलीच; ही थोरली. रशियातील छळामुळे देशोधडीला लागलेले यहुदी बाल्टिमोरला येऊ लागले, तेव्हा १८८९ साली त्यांनी रात्रशाळा काढली. दिवसभर राबणारे मजूर रात्री तेथे इंग्रजी शिकत. परमुलखात भाषेवाचून माणसाचे किती अडते, हे आपल्या वाचकांना सांगायला नको.

१९१२ साली त्यांनी न्यूयॉर्कमध्ये हदासा ही स्त्रियांची संस्था स्थापिली व पुढच्याच वर्षी यरुशलेमला दोन परिचारिका पाठविल्या. १९१६ साली आई वारली. घरात मुलगा नाही म्हणून एक स्नेही कद्दीश म्हणण्यास पुढे आले. बाईंनी त्यांचे आभार मानले. परंतु कद्दीश स्वतःच म्हटला. १९२० साली त्या यरुशलेमला राहावयास आल्या.

१९३३ साली जर्मनीत हिटलर सत्तेवर आला. यहुदी मुलांना तेथून काढून इरेट्स इस्राएलमध्ये आणावे, ही कल्पना बर्लिनच्या रेखा फ्रायर यांची. बाई प्रथम कचरल्या. वय ७२ झाले होते, अमेरिकेस बहिणींकडे परतण्याचा विचार होता. तरी त्यांनी युथ आलियाचा भार उचलला. ब्रिटिशांकडून परवाने मिळवायचे, मुलांच्या खर्चाची हमी द्यायची, किबुत्झांत व शाळांत जागा शोधायची, हे सारे त्यांच्याकडे आले. फेब्रुवारी १९३४ मध्ये पहिली तुकडी हैफाला उतरली, तेव्हा त्या स्वतः बंदरावर हजर होत्या.

१९४३ साली तेहरानहून सातशेहून अधिक मुले आली. पोलंडमधून परागंदा झालेल्या या मुलांपैकी बहुतेक पोरकी होती. इराकने वाट नाकारल्यामुळे ती आपल्या कराचीवरून बोटीने सुवेझला आणि तेथून आगगाडीने अटलीटला पोहोचली. त्यांना धार्मिक शिक्षण द्यावे की कसे, यावरून मोठा वाद पेटला. ८२ वर्षांच्या बाईंनी बोल सोसले, पण काम टाकले नाही.

१३ फेब्रुवारी १९४५ रोजी यरुशलेमला त्यांचे निधन झाले. जैतुनांच्या डोंगरावर त्यांच्या कबरीपाशी कद्दीश म्हटला, तो युथ आलियाच्या एका मुलाने.

पुढे युथ आलियाच्या वसतिगृहांत देशोदेशींच्या ओलीम कुटुंबांतील मुले वाढली. त्यांत आपल्या बेने इस्राएल घरांतलीही होती. नव्याने आलेल्या शेजाऱ्याच्या मुलाला अभ्यासाला हात देणे, हीच बाईंची खरी आठवण होय, असे आम्हांस वाटते.