कुंडीतला वाटाणा आणि दादासाहेब फाळके
(द्वितीय वर्ष कला)

दादासाहेब फाळके म्हटले की ‘राजा हरिश्चंद्र’ आठवतो. परंतु त्यापूर्वी त्यांनी घेतलेले एक लहानसे चित्रण मला अधिक मोलाचे वाटते. त्यात राजा नाही, राणी नाही. आहे तो केवळ कुंडीतला वाटाणा.

धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे एका शास्त्र्यांच्या घरी झाला. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत आणि नंतर बडोद्याच्या कलाभवनात ते चित्रकला, छायाचित्रण शिकले. गोध्र्याला फोटो स्टुडिओ काढला, पण प्लेगने पत्नी व मूल हिरावून नेले. पुढे पुरातत्त्व खात्यातील नोकरी झाली, छापखाना झाला, दोन्ही सुटले. १९११ साली मुंबईत ख्रिस्तचरित्रावरील मूकपट पाहिला आणि ध्यास लागला. इतके चित्रपट पाहिले की काही काळ दृष्टीच गेली. उपचारांनी ती परत आली. १९१२ मध्ये विम्याची पॉलिसी गहाण ठेवून ते लंडनला जाऊन तंत्र शिकून आले.

पण भांडवल कोण देणार? खात्री पटावी म्हणून त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, कॅमेरा एका जागी पक्का बसविला आणि ठराविक वेळाने एकेकच चित्र घेतले. हे काम महिनाभराहून अधिक चालले. पडद्यावर मात्र अंकुर फुटून वेल भराभर वर चढला. आम्ही आंबेगाव-जुन्नरकडची शेतकऱ्यांची मुले; पीक रोज पाहतो, पण त्याची वाढ होताना कधी दिसत नाही. ती दाखविली कोणी, तर आंधळेपणातून नुकत्याच बाहेर आलेल्या माणसाने! ते पाहून कर्ज मिळाले.

पत्नी सरस्वतीबाईंनी दागिने दिले, फिल्मला भोके पाडली, ती धुतली, उन्हात पांढरी चादर धरून उभ्या राहिल्या आणि साऱ्या मंडळींचा स्वयंपाकही केला. तारामतीच्या भूमिकेला एकही स्त्री तयार होईना, म्हणून उपाहारगृहातील साळुंके उभे राहिले. तमाशाच्या राहुट्या लागणाऱ्या नारायणगावच्या बाजूला मी वाढलो. तोंडाला रंग लावणाऱ्या बाईकडे गाव कसे पाहते ते मला ठाऊक आहे. त्यामुळे त्या नकाराचे नवल वाटत नाही. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशनमध्ये चित्रपट लागला.

पुढेही पौराणिक चित्रपटांबरोबर त्यांनी आगकाड्या हलत्या करून दाखविल्या, तळेगावच्या काच कारखान्याचे चित्रण केले आणि चित्रपट कसा तयार होतो यावरही एक लघुपट काढला.

बोलपट आले आणि ते मागे पडले. १९३७ चा ‘गंगावतरण’ शेवटचा ठरला. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकला ते वारले, तेव्हा गाठीशी पैसा नव्हता.

मित्रहो, घराण्यात पहिल्यांदाच कॉलेजात आलेल्या आमच्यासारख्यांना कला शाखा घेऊन काय मिळणार, असे घरी-दारी विचारतात. फाळक्यांच्या चरित्रात या प्रश्नाचे सोपे उत्तर नाही. पैसा त्यांना टिकवता आला नाही. परंतु घरच्या एका माणसाने विश्वास ठेवला, म्हणून एका देशाला चित्रपट मिळाला. असा विश्वास ज्यांना लाभला आहे त्यांनी तो फुकट घालवू नये, एवढेच मला वाटते.