परिपाठातील अनामिक संगीतकार

सकाळी नांदेड-लातूरकडील एखाद्या शाळेवरून जाताना ‘गुड्डी’ किंवा ‘दो आँखें बारह हाथ’ या चित्रपटातील प्रार्थना पुष्कळदा कानी पडते. ती गाणाऱ्या मुलांना, आणि बहुधा त्यांच्या गुरुजनांनाही, तिचा संगीतकार ठाऊक नसतो. या दोन्ही प्रार्थनांच्या चाली वसंत देसाई यांच्या.

कुडाळजवळील सोनवडे येथे १९१२ साली जन्मलेले देसाई ऐन तारुण्यात कोल्हापूरच्या ‘प्रभात’मध्ये दाखल झाले. पडेल ते काम करीत त्यांनी संगीत आत्मसात केले. पुढे व्ही. शांताराम यांच्या ‘शकुंतला’ (१९४३) आणि ‘झनक झनक पायल बाजे’ (१९५५) या चित्रपटांनी त्यांना कीर्ती दिली. परंतु त्यांचा खरा विशेष, घरातील लहानथोरांनी एकत्र पाहावयाच्या चित्रपटांत दिसतो. आचार्य अत्रे यांच्या ‘श्यामची आई’ला (१९५३) राष्ट्रपतींचे पहिले सुवर्णपदक लाभले, त्याचे संगीत देसाईंचेच. हृषीकेश मुखर्जींच्या ‘आशीर्वाद’मध्ये (१९६८) अशोककुमारांच्या तोंडच्या बालगीताला त्यांनी आगगाडीची लय दिली. ‘गुड्डी’तील (१९७१) सिनेमावेड्या शाळकरी मुलीच्या कथेसाठी केदार रागाच्या छायेतील प्रार्थना रचली. ज्यांची चाल सुब्बुलक्ष्मींनी १९६६ साली संयुक्त राष्ट्रसंघात गायिली, त्यांना मुलांच्या खेळगाण्यात कमीपणा वाटला नाही.

अर्थशास्त्राच्या वर्गात पाणी आणि हिरा यांचे कोडे शिकवावे लागते. ज्यावाचून जीव जगत नाही ते स्वस्त. ज्यावाचून काही अडत नाही ते महाग. २०१६ साली लातूरला रेल्वेने पाणी आणावे लागले, तेव्हा त्याचे मोल आपणांस कळले. परिपाठातील चालीचेही तसेच आहे. तिला वाद्य लागत नाही, शुल्क पडत नाही. म्हणून तिची किंमत कोणी करीत नाही. जेथे संगीतशिक्षक नाही, तेथे मात्र तीच मुलांची गायनाची एकमेव शिकवणी ठरते.

२२ डिसेंबर १९७५ रोजी मुंबईत लिफ्टच्या अपघातात देसाईंचा अंत झाला. त्यांच्या स्मारकाची मागणी येथे करावयाची नाही. प्रार्थनेपूर्वी अधूनमधून कवीचे व संगीतकाराचे नाव मुलांना सांगावे. त्यासाठी अंदाजपत्रकात तरतूद लागत नाही. संगीतशिक्षकाच्या पदासाठी ती लागते. तो खर्च ज्यांना अनाठायी वाटतो, त्यांनी एखाद्या सकाळी परिपाठाला उभे राहून पाहावे.