बुद्धीचे मोल : कै. डॉ. आप्पा पेंडसे

निकालाच्या दिवशी शुक्रवार पेठेतल्या कुठल्याही घरात डोकावावे. साठ टक्केवाला हुशार आणि पस्तिसावर अडलेला मठ्ठ, असा निवाडा पेढे वाटून होण्याआधीच झालेला असतो. बुद्धी म्हणजे एकच वस्तू, कुणाला शेर मिळाली तर कुणाला छटाक, अशी आपली समजूत असते. ही समजूत तपासून पाहण्यात ज्यांनी आयुष्याची उत्तरार्धातली वर्षे वेचली, ते मानसशास्त्रज्ञ म्हणजे कै. डॉ. विनायक विश्वनाथ तथा आप्पा पेंडसे.

आप्पांचा जन्म १९१६ सालचा. स्वातंत्र्य आले तेव्हा ते तिशी ओलांडलेले होते. देश उभारायचा तर बुद्धिमान माणसे हवीत, हे सगळेच म्हणत होते. पण अशी माणसे ओळखायची कशी आणि घडवायची कशी? हा प्रश्न आप्पांनी मानसशास्त्राच्या दारी नेला. १९६२ साली पुण्यात त्यांनी ज्ञान प्रबोधिनीची स्थापना केली. आरंभी निरनिराळ्या शाळांतील निवडक मुलांना शाळेखेरीज जादा शिक्षण दिले जाई. पुढे १९६९ मध्ये प्रबोधिनीची स्वतःची प्रशाला सुरू झाली.

ह्या कामी त्यांना अमेरिकन मानसशास्त्रज्ञ गिलफर्ड ह्यांच्या उपपत्तीचा मोठा आधार मिळाला. गिलफर्ड ह्यांनी बुद्धीची तीन अंगे मानली. मन काय करते, कशावर करते आणि त्यातून काय निष्पन्न होते, ही ती अंगे होत. मनाच्या क्रिया पाच : जाणणे, स्मरणे, अनेक दिशांनी विचार करणे, एका अचूक उत्तराकडे जाणे आणि पारखणे. विचाराचे विषय चार : आकृती, चिन्हे, शब्दार्थ आणि माणसांचे वर्तन. निष्पत्तीचे प्रकार सहा. ह्यांचा गुणाकार केला की १२० निरनिराळ्या क्षमता होतात.

आपल्या गावचेच उदाहरण घेऊ. एका चादरीला किती सूत लागेल, ह्याचे उत्तर एकच असते. तेथे अभिसारी विचार लागतो. चादरीचा पांघरण्याखेरीज आणखी कशाकशासाठी उपयोग होईल, असे विचारले तर उत्तरांना अंत नाही. तो अपसारी विचार. आपल्या परीक्षा बहुतांशी पहिला प्रकार आणि स्मरण एवढेच तपासतात. घरी तेलुगू बोलणारे विणकराचे मूल मराठी शब्दांच्या चाचणीत अडखळेल. तेच मूल नक्षीच्या आकृतीत इतरांना मागे टाकील. शब्द आणि आकृती वेगळ्या मोजल्या, तरच हे दिसते. मोजमापाची चूक मुलाच्या माथी मारली जाऊ नये, हा ह्या शास्त्राचा खरा उपयोग.

येथे एक आक्षेप रास्तपणे घेतला जातो. हुशार मुले वेचून वेगळी काढली, तर ती एक नवी वरिष्ठ जातच व्हायची नाही का? ही धास्ती पोकळ नाही. आप्पांच्या कार्यात तिला उत्तर आहे, ते असे की निवड हा शेवट नसून कर्जाचा आरंभ आहे. ज्याला अधिक मिळाले, त्याने समाजाला अधिक परत करावे. म्हणून मुलांवर विद्याव्रताचा संस्कार, म्हणून अभ्यासदौरे, म्हणूनच पुण्याजवळच्या शिवापूर भागात ग्रामीण विकासाचे काम. बुद्धीला प्रेरणेची जोड नसेल तर ती केवळ नोकरी शोधते, हे त्यांनी ओळखले होते.

ऑगस्ट १९८३ मध्ये आप्पा निवर्तले. आज गिलफर्ड ह्यांच्या १२० क्षमता जशाच्या तशा कोणी मानीत नाही. त्या एकमेकींपासून इतक्या अलग असल्याचे पुढच्या संशोधनात सिद्ध झाले नाही. परंतु अपसारी विचाराची कल्पना टिकली आणि सर्जनशीलतेच्या अभ्यासाचा ती पाया झाली. प्रबोधिनीचे कामही टिकले. सोलापुरात तिचे केंद्र आहे, आणि १९९३ च्या भूकंपानंतर हराळीलाही ते रुजले. उपपत्तीची पडझड झाली तरी तिच्या आधाराने उभे राहिलेले कार्य चालू राहते, हे ध्यानात घेण्यासारखे आहे.

आपण कला शाखेचे विद्यार्थी. गुणवत्ता यादीत आपल्यापैकी फारच थोडे झळकतील. म्हणून निराश होण्याचे कारण नाही. माझ्याजवळ बुद्धी किती, ह्याऐवजी ती कोणत्या प्रकारची आणि कुणाच्या कामी येणार, असे विचारू लागणे, हीच आप्पांची खरी आठवण ठरेल.