मेणबत्तीच्या उजेडात शिकलेली शिक्षिका : बेगम रुकय्या

शाळा चालवणे किती कठीण असते हे या स्मरणिकेच्या वाचकांना निराळे सांगायला नको. पण जिने स्वतः आयुष्यात एक दिवसही शाळेच्या बाकावर बसून धडा घेतला नाही, अशा एका पडदानशीन विधवेने परक्या शहरात मुलींची शाळा काढली आणि मरेपर्यंत चालवली, ही हकीगत आपण जरा शांतपणे वाचावी अशी माझी विनंती आहे. या थोर स्त्रीचे नाव रुकय्या सखावत हुसेन. बंगालमध्ये त्यांना बेगम रुकय्या म्हणून घरोघर ओळखतात.

त्यांचा जन्म १८८० साली रंगपूर जिल्ह्यातील पायराबंद या गावी झाला. हा भाग आज बांगलादेशात आहे. घराणे जमीनदाराचे, खानदानी. वडील अरबी-फारसीचे जाणकार, आणि मुलगे कलकत्त्यास इंग्रजी शिक्षण घेत होते. मुलींना मात्र कुराणपठण आणि थोडीफार उर्दू यापलीकडे काही शिकवण्याची रीत नव्हती. बंगाली वाचणे म्हणजे मुलीने बिघडणे, अशी समजूत होती. पडदा तर इतका कडक, की पाच वर्षांच्या रुकय्येला परक्या बायकांपासूनही लपावे लागे. एकदा पाहुण्यांबरोबर आलेल्या दोन मोलकरणी घरभर हिंडू लागल्या, तेव्हा ही पोर चार दिवस माळ्यावर दडून राहिली. एक लहानगा भाचा आठवण झाली म्हणजे खायला-प्यायला आणून देई, विसरला म्हणजे उपास. पुढे म्हातारपणाकडे झुकल्यावर त्यांनी ही आठवण लिहून ठेवली.

अशा घरात त्यांना अक्षर मिळाले ते थोरल्या भावामुळे. इब्राहीम साबेर हे त्यांचे नाव. रात्री घरातील सारी मंडळी झोपली, की भाऊ मेणबत्ती लावून बहिणीला इंग्रजी आणि बंगाली शिकवी. थोरली बहीण करीमुन्निसा हिलाही वाचनाचे वेड होते, पण ते उघडकीस येताच तिचे वाचन बंद झाले आणि लहान वयातच तिचे लग्न लावून देण्यात आले. रुकय्या या दोघांचे उपकार कधी विसरल्या नाहीत.

अठराव्या वर्षाच्या सुमारास त्यांचा निकाह भागलपूरचे डेप्युटी मॅजिस्ट्रेट सय्यद सखावत हुसेन यांच्याशी झाला. वयाने बरेच मोठे आणि बिजवर, पण मनाने उदार असे हे गृहस्थ होते. पत्नीने शिकावे, लिहावे, ही त्यांची मनापासूनची इच्छा. १९०५ साली पती फिरतीवर गेले असताना वेळ घालवण्यासाठी रुकय्या यांनी इंग्रजीत एक कथा लिहिली. ती ‘सुलतानाज ड्रीम’ या नावाने मद्रासच्या एका स्त्रियांच्या मासिकात छापून आली. या कथेतील राज्यात पुरुष घरात बसतात आणि स्त्रिया कारभार करतात. तेथील विदुषी सूर्याची उष्णता साठवून स्वयंपाक करतात, ढगांतून पाणी उतरवतात, आणि शत्रूला शस्त्राशिवाय पळवून लावतात. कथा गमतीची खरी, पण वाचणाऱ्याला विचारात पाडणारी. मुलींना विद्यापीठे मिळाली म्हणूनच हे राज्य उभे राहिले, हे त्यातले मर्म.

संसारसुख मात्र नशिबी फार नव्हते. दोन मुली झाल्या, त्या तान्हेपणीच गेल्या. पतीला मधुमेहाने ग्रासले व दृष्टीही गेली. १९०९ च्या मे महिन्यात ते वारले. मुलींच्या शाळेसाठी त्यांनी दहा हजार रुपये वेगळे काढून ठेवले होते. वाचकहो, तिशीही न गाठलेली, मूलबाळ नसलेली विधवा. भावाच्या घरी आश्रयास जाणे हीच त्या काळची सरळ वाट. पण या बाईने पाच महिन्यांच्या आत भागलपूरला पाच मुलींना घेऊन शाळा उघडली आणि तिला पतीचे नाव दिले. घरातील मालमत्तेच्या वादामुळे भागलपूर सोडावे लागले, तेव्हा त्या कलकत्त्यास आल्या आणि १६ मार्च १९११ रोजी वलीउल्ला गल्लीतील भाड्याच्या जागेत आठ मुलींवर शाळा पुन्हा सुरू केली.

वर्ग कसा घ्यावा, हजेरी कशी ठेवावी, हे तरी त्यांना कुठून ठाऊक असणार? मग त्या शहरातील इतर कन्याशाळांत जाऊन बसू लागल्या. शिक्षिका कशा शिकवतात ते पाहावे, आणि आपल्या शाळेत येऊन तसे करावे. मी बी.एड. होऊन वर्गावर उभा राहिलो तरी पहिले काही महिने हातपाय कापत होते. म्हणून या प्रसंगापुढे मी नेहमी नतमस्तक होतो.

विद्यार्थिनी मिळवण्यासाठी त्या घरोघर जात. स्वतः बुरखा पाळत, म्हणजे आईबापांचा विश्वास बसे. मुलींना आणण्यासाठी मोटारबस केली, तिची गोष्ट तर ऐकण्यासारखी आहे. पडद्यासाठी बस चारी बाजूंनी इतकी बंद केली होती, की आत अंधार आणि उकाडा. पहिल्याच दिवशी मुली घाबरल्या, कुणाला ओकाऱ्या झाल्या, कुणी बेशुद्ध पडल्या. पालकांच्या तक्रारी आल्या. म्हणून खिडक्या उघडून त्यांना पडदे लावले, तर ते वाऱ्याने हलतात आणि बेपर्दगी होते, अशी धमकीची पत्रे आली, वर्तमानपत्रात बदनामी करू म्हणून! दोन्हीकडून बोल खाऊन बाईंनी शाळा एक दिवस बंद ठेवली नाही. अशा सत्तेचाळीस सत्य हकीगती त्यांनी ‘अवरोधबासिनी’ या पुस्तकात १९३१ साली प्रसिद्ध केल्या. वाचताना हसू येते आणि हसता हसता मान खाली जाते.

त्यांचे म्हणणे थोडक्यात असे : स्त्री दुसऱ्याच्या कमाईवर जगते तोवर तिचे मनही गुलाम राहते. अंगावरचे दागिने त्यांना बेड्यांसारखे वाटत. कारकुनापासून न्यायाधीशापर्यंत कोणतेही काम स्त्री करू शकेल, हे त्यांनी पहिल्या महायुद्धाच्या आधीच लिहून ठेवले. आणि याला धर्माचा विरोध नाही, विद्या ही मुलगा व मुलगी दोघांवरही फर्ज आहे, हे त्या ठासून सांगत. नुसते सांगून त्या थांबल्या नाहीत. १९१६ साली ‘अंजुमन-ए-ख्वातीन-ए-इस्लाम’ स्थापून त्यांनी गरीब विधवांना मदत केली, वस्त्यांतील बायकांना अक्षरओळख करून दिली. शाळेत पुस्तकी विद्येबरोबर शिवणकाम, रुग्णसेवा, व्यायाम हेही शिकवले.

९ डिसेंबर १९३२ च्या पहाटे त्यांचे निधन झाले. आदल्या रात्रीपर्यंत त्या लिहीत होत्या. स्त्रियांच्या हक्कांवरील तो लेख अपुराच राहिला. त्यांची शाळा आजही कलकत्त्यात सरकारी शाळा म्हणून चालू आहे, आणि बांगलादेशात ९ डिसेंबर हा दिवस त्यांच्या नावाने पाळला जातो.

वाचकहो, दरवर्षी जूनमध्ये आठवीची हजेरी घेताना मी काही नावे पुकारतो आणि उत्तर येत नाही. सातवीला पहिल्या आलेल्या एका मुलीच्या वडिलांना मी भेटलो, तेव्हा शाळा लांब आहे, एवढेच ते म्हणाले. त्या वेळी मी खाली मान घालून परत आलो. रुकय्याबाई अशा दारातून परत आल्या नसत्या, दुसऱ्या दिवशी पुन्हा गेल्या असत्या. त्यांचे चरित्र वाचल्यापासून मीही पुन्हा जातो. तीनदा गेल्यावर एक मुलगी यंदा वर्गात परत आली आहे. आपल्या शेजारीही असे एखादे दार असेल. ते आपण ठोठवावे, एवढेच मागणे मागून हा लेख पुरा करतो.