मंथरेचा डोळा

१९८७ साली यवतमाळात दर रविवारी सकाळी आम्ही पोरं शेजारच्या काकूंकडे 'रामायण' पाहायला जमायचो. मंथरा आली की तिच्या नावानं बोटं मोडायची. तो बारीक डोळा मेकअपचा, अशी माझी खात्रीच होती.

मेकअप कसला! येवल्याच्या ललिता पवार मूकपटांच्या काळापासूनच्या नट्या, चांगल्या नायिका होत्या. १९४२ मध्ये शूटिंगमध्ये थप्पड जोरात बसली, चेहरा लुळा पडला, डावा डोळा अधू झाला. तीनेक वर्षं उपचारांत गेली आणि नायिकेची कामं सुटली ती सुटलीच. मग त्या खाष्ट सासू झाल्या. पण 'अनाडी'तली मिसेस डिसा आठवा, वरून कडक, आतून मायाळू! त्याबद्दल त्यांना फिल्मफेअरही मिळालं.

१९९८ मध्ये त्या वारल्या, तेव्हा आमची आजी मंथरा गेली म्हणून दिवसभर हळहळत होती.